मडकं फुटायच्या आधी

माझं चित्र भर रस्त्यात उभं होतं आणि माणसं त्याच्याकडे बघत उसाचा रस पीत होती. रसाचा ग्लास माझ्याही हातात होता. बारामतीच्या स्टँडसमोर दुपारच्या उन्हात एक टेम्पो उभा, त्याच्या पाठीत दोन टीव्ही बसवलेले, ऊन पडू नये म्हणून वर काळं कापड, टपावर दोन कर्णे, आणि त्या दोन्ही टीव्हींत सारजा. तिच्या पाठीमागे मडकं फुटतं, ती उलट्या हातानं तोंडावर मारत बोंब ठोकते. मग चित्र उडी मारतं, मडकं पुन्हा फुटतं, बोंब पुन्हा. आणि त्यावर कर्ण्यातून खर्जातला एक पुरुषी आवाज, “पाण्यासाठी टाहो फोडणारी ही माउली पाहा! वरच्या लोकांनी हिचा बाप पाण्यावाचून मारला! हिचं मडकं फोडलं! तुमचं कधी फोडतील?” माझ्या शेजारचा माणूस “आरारारा” म्हणाला आणि त्यानं ग्लास पुढे करून आणखी बर्फ मागितला. ग्लास मी कुठेतरी ठेवला, कुठे ते आठवत नाही.

स्वतःचा शॉट ओळखायला कॅमेरावालीला चेहरा लागत नाही. चौकटीच्या उजव्या कोपऱ्यात बाभळीची एक फांदी होती, किंचित थरथरणारी. ती मी खांद्यानं रेटून धरली होती, नाहीतर ती बरोबर सारजाच्या डोळ्यांवर येत होती, आणि तिचे काटे पुढे आठवडाभर माझ्या दंडात होते. दोन वर्षांपूर्वीची गोष्ट. इंदापूर तालुक्यात कालव्याच्या एका फाट्यावर दोन गावं, वरच्या गावाला पाणी आधी, खालच्या गावाला उरलं तर. कालव्याची दारं फुटली, डोकी फुटली, सोयरिकी मोडल्या. त्यावर आम्ही पिक्चर काढला. आम्ही म्हणजे नागेश दिग्दर्शक आणि मी कॅमेऱ्यावर. अशीच पिक्चरं मी सगळी उमर काढत आले, डोंगरातली, सरहद्दीवरची, जिथं जिथं दोन बाजू असतात आणि दोन्ही बाजूंच्या मध्ये कुणाचं तरी स्वयंपाकघर असतं. ती टाकीजला लागत नाहीत. पुण्यात एखाद्या हॉलमध्ये पन्नास माणसं येतात, त्यातली निम्मी एकमेकांना ओळखतात. आमचे नाना, माझे वडील, मरेपर्यंत विचारत राहिले, “अंजे, तुझा पिच्चर इंदापुरात कवा लागणार?” आणि मी म्हणायची, “नाना, तुमी बघाल असा न्हाय त्यो.” ते म्हणायचे, “मंग काढतीस कशाला?” ह्याला माझ्याकडे उत्तर नव्हतं असं नाही, पण ते सांगायला लागले की मला स्वतःचाच राग यायचा, कारण ते नागेशच्या भाषेत यायचं.

कॅमेऱ्याला डोळा लावताना दुसरा डोळा मिटायचा, असं सगळे समजतात. मी मिटत नाही. एक डोळा चित्रात, दुसरा गावात. डोंगरातल्या एका जुन्या पिक्चरच्या वेळी एका शिपायानं लेन्सवर पंजा ठेवला होता. माझा उघडा डोळा त्याच्या तोंडाकडे होता, आणि तो माझ्यापेक्षा जास्त घाबरलेला होता हे मला दिसलं, म्हणून मी बटण सोडलं नाही. त्याच्या बोटांच्या फटींतून लालसर उजेड आत येत राहिला. पडद्यावर दुसरं काही नाही, नुसता पंजा. पुढे एका मोठ्या माणसानं तो शॉट काढून टाका म्हटलं, चित्र दिसत नाही म्हणे. मी म्हटलं, साहेब, चित्र दिसू नये हेच तर चित्र आहे. तो शॉट राहिला, त्या माणसानं पुन्हा मला काम दिलं नाही, आणि माझं काही वाईट झालं नाही. बारामतीत नोकरी करणारा माझा भाऊ बुद्धघोष म्हणतो, वाईट झालं ते तुला कळत नाही एवढंच. मी त्याच्याकडे चार दिवस राहायला आले होते. त्याच्या मते मी लग्नाच्या कॅसेटी काढायला लागले तर वर्षात घर बांधेन. बांधेनही. पण लग्नात दोन्ही बाजू एकाच बाजूला असतात.

सारजाचा तो शॉट मात्र मी मागून घेतला नव्हता, तिनं दिला होता, आणि देताना अट घातली होती. तिचा बाप म्हस्कू म्हाताऱ्या वयात गेला. जन्मभर मेंढरं राखलेला, शेवटी थोडं रान केलेला माणूस. मुलगा नाही, सारजा एकटी. इकडे ज्यानं मडकं धरलं त्याचं रान, असं समजतात. कायद्यात काही असो. भावकीतला एक पुतण्या धोतराचा काचा मारून मडक्याकडे निघालासुद्धा होता. सारजा बायकांतून उठली, मशानापर्यंत चालत आली, जिथं बायका येत नाहीत, आणि तिनं मडकं आपल्या खांद्यावर घेतलं. त्याआधी ती माझ्याजवळ आली होती. कॅमेरा मी बंद ठेवला होता, मरणाच्या घरी मी विचारल्याशिवाय काढत नाही. ती म्हणाली, “काढायचं तर समदं काढ. मडकं खांद्यावर घेतल्यापसनं. तिन्ही फेरं. नुसतं फुटताना काढलंस तर लोक म्हंतील, बाई येडी झाली.” मी म्हटलं, “आक्का, समदंच काढीन. मधी तोडणार न्हाय.” मी शब्द दिला. तीन फेऱ्या, प्रत्येक फेरीला दगडानं पाडलेलं एक भोक, खांद्यावरून पाठीवर, पाठीवरून टाचेवर उतरणारं पाणी, भावकीची फिरलेली तोंडं, मग मडकं मागे, मग बोंब. एकच सलग शॉट. जुळणीच्या, म्हणजे एडिटिंगच्या, वेळी नागेश कुरकुरला, फार लांबतंय. मी म्हटलं, तोडलंस तर माझं नाव काढ. त्यानं तोडलं नाही. भाड्याचा टीव्ही आणून आम्ही सारजाच्या वस्तीवर पिक्चर दाखवला, तेव्हा ती सगळा वेळ पदर तोंडाशी धरून बसली आणि शेवटी एवढंच म्हणाली, “म्हातारा बरा दिसतोय.”

आणि आता हा आवाज म्हणत होता की हिचं मडकं लोकांनी फोडलं. खांद्यावर पाणी घेऊन चालणारी सारजा गेली, चिता गेली, फेरे गेले, राहिली फक्त येडी झालेली बाई. मला राग कर्ण्याचा आला, नागेशचा अजून यायचा होता, पण सगळ्यांत जास्त राग आला तो रस पिणाऱ्यांचा. मडकं पाठीमागे सोडून उलट्या हातानं बोंब ठोकणारं माणूस म्हणजे काय, हे त्या गर्दीत कुणाला सांगायला हवं होतं? प्रत्येकानं आपापल्या घरातल्या माणसामागे मशान पाहिलेलं. तरी आवाज पाणी म्हणाला आणि त्यांना पाणी दिसलं. मला भीती वाटली, खोटं कशाला बोलू. वीस वर्षं मी उजेड मोजत बसले, ऊन कुठून येतं, सावली कुठं पडते, आणि कुणीतरी बंद खोलीत दोन वाक्यं बोलतो आणि माझं ऊन, माझी सावली त्याच्या गोठ्यात बांधली जाते. मी टेम्पोच्या मागे गेले. कॅसेट लावणारा माणूस गमछ्यानं घाम पुसत होता, नाव विचारलं तर समाधान. म्हटलं, “हे चित्र माझं आहे. बंद करा.” तो हसला, “म्याडम, कॅसेट मंचाची हाय. वरनं आलीया. आमी निस्ती लावायची.” कुठला मंच, तर ‘शेवटचं टोक पाणी मंच’, कालव्याच्या शेवटच्या गावांचा. दौरा आज बारामती, उद्या बावड्याचा बाजार. बावड्यापासून सारजाची वस्ती हाकेच्या अंतरावर. मी म्हटलं, “ही बाई तिथं राहते.” तो म्हणाला, “मंग तर लईच ब्येस! गर्दी व्हईल.”

स्टँडच्या कोपऱ्यावरच्या एसटीडी बूथमधून मी नागेशला पुण्याला फोन लावला. काचेच्या खोलीत पंखा नव्हता, आणि बाहेरून तो आवाज येतच होता, माउली पाहा, माउली पाहा. नागेशला मी काही सांगायच्या आतच कळलं. “अगं, तेवढाच तुकडा दिला मी,” तो म्हणाला, “ओळखीतलेच आहेत. त्यांच्याकडे जुळणीचं मशीन आहे, महिनाभर आपल्याला फुकट देतायत. तुझ्याच डोंगरातल्या नव्या पिक्चरसाठी, अंजली. तू काढून आणलेलं सगळं डब्यांत पडून आहे, विसरलीस का?” मी विसरले नव्हते. दोन पावसाळे डोंगरात चिखल तुडवून मी ते काढलं होतं, आणि माझ्या हातून त्याहून चांगलं काही झालेलं नाही, हे मला ठाऊक होतं. मी म्हटलं, “सारजाला विचारलंस?” तो म्हणाला, “तिला काय कळणार? आणि पाण्याची बाजू तर आपलीच आहे ना? खालच्या गावावर अन्याय होतो हे आपणच दाखवलं.” “आपण तिच्या बापाचं मरण दाखवलं. तो अन्यायानं मेला नव्हता.” “दोन दिवसांचा प्रश्न आहे. गप्प बस. काही केलंस तर मशीन जाईल, पिक्चर जाईल.” आयत्या बिळावर नागोबा, तो नेहमीच तसा होता. बिळं मी खणायची, आत बसून फणा तो काढायचा, आणि मला त्याची सवयही झाली होती. पण ह्या वेळी बीळ सारजाचं होतं. मी म्हटलं, “जाऊ दे पिक्चर,” आणि फोन ठेवला, पण मला तो खरंच जाऊ द्यायचा नव्हता.

बुद्धघोषला निरोप धाडून मी इंदापूरची एसटी धरली. खिडकीतून ऊस दिसत होता, मग ऊस विरळ झाला, मग डाळिंबाची रोपं, मग नुसती ढेकळं आणि मध्येच एखादी हिरवी पट्टी, जिथं कुणाची तरी मोटर चालू. पाण्याचा नकाशा काढायला इथं कागद लागत नाही. आणि अन्याय खोटा नव्हता, तेच तर अवघड होतं. शेवटच्या टोकालाही पाणी द्या, ही मंचाची मागणी मी स्वतः दहा वेळा पुढे केली असती. मग मी कशाला जाते आहे? एका शॉटसाठी? दिलेल्या शब्दासाठी? की माझं चित्र दुसऱ्यानं वापरलं म्हणून माझं नाक कापलं गेलं, एवढ्यासाठीच? डोंगरातल्या डब्यांची आठवण येत होती. एका पाड्यावर म्हातारी कॅमेऱ्याला पाठ करून तासभर मका सोलत बसली होती, मी तिची पाठ काढत राहिले, आणि शेवटी ती वळून फक्त एकदा हसली होती. ते हसू आता डब्यात राहणार. मला रडू आलं आणि शेजारच्या बाईनं खिडकी लावून घेतली, धूळ डोळ्यांत गेली असं तिला वाटलं. डोळे पुसताना मात्र एक गोष्ट मनात पक्की झाली. ते हसू डब्यात राहिलं तर राहू दे, पण ते असल्या मशीनवर जोडलं, तर पुढच्या वर्षी त्या म्हातारीवरही कुणाचा तरी आवाज चढेल. इंदापूरच्या स्टँडवर बावड्याची गाडी लागली होती, मी पळत जाऊन बसले.

सारजा कांद्याच्या वाफ्यात बसली होती. तिनं मला बांधावरूनच ओळखलं. “आगं, अशी येळंला न सांगता? पानी पी आदी.” पाणी पिऊन मी सगळं सांगितलं, टेम्पो, कर्णे, नागेश. ती ऐकताना हातातलं खुरपं मातीत टोचत राहिली. मला वाटलं होतं, ती माझ्यावर चिडेल. ती म्हणाली, “म्हंजी बापाच्या त्या पुतण्याच्या मनासारखं झालं. त्यो तवापसनं हेच सांगतोय, सारजी येडी झाली व्हती, येडीनं धरल्यालं मडकं मोजत न्हाईत, रान माझंच.” हे माझ्या डोक्यात आलंच नव्हतं. मी म्हटलं, “आक्का, मी त्या मंचाच्या लोकांना भेटते, पत्र लिहिते, पोलिसात...” ती खुरप्यानं माझ्याकडे बोट केल्यासारखं करत म्हणाली, “उद्या बाजाराला कोन येतं? समदी खालची वाडी येती. त्यांच्या डोळ्यांदेखत दावनार ना त्ये? मंग त्यांच्या डोळ्यांदेखतच बोलायचं. पत्र कोन वाचतंय?” मी म्हटलं, “लोक चिडतील. पाण्याच्या विरुद्ध बोलली म्हणतील.” “चिडूं देत की. म्या काय त्यांच्या दारात खायाला जाती?” आणि मग, वेगळ्याच आवाजात, “तू येशील ना संगं? का फोटू काढीत बसशील?” कॅमेरा पुण्याला आहे, मी म्हटलं. “बरं झालं,” ती म्हणाली.

बावड्याच्या बाजारात टेम्पो मेथीच्या आणि चपलांच्या दुकानांमध्ये उभा होता. सारजा सरळ चालत गेली, नऊवारीचा काचा घट्ट मारून, आणि टीव्हीसमोर उभी राहिली. समाधाननं एकदा तिच्याकडे बघितलं, एकदा टीव्हीकडे, आणि त्याचा हात गमछ्यासकट गळ्याशी गेला. टीव्हीतली बाई त्याच्यासमोर धुळीत उभी होती. “आवाज बंद कर बाबा,” सारजा म्हणाली, “मी हितं हाय की.” त्याला काय करावं सुचेना. मग मी हात घातला आणि बटण फिरवलं. मी जन्मभर चित्राची माणूस, आवाजाच्या यंत्राला मी कधी हात लावला नव्हता, तो दुसऱ्याचा प्रांत. कर्णे गप्प झाले. बाजारात एकदम कोंबड्यांचा आवाज ऐकू यायला लागला. माणसं वळली. टीव्हीत मडकं फुटत होतं, सारजा मुक्यानं बोंब मारत होती, आणि खाली सारजा बोलत होती. “ही मी. वळखलं का? ह्यो माझा बाप ग्येला तवाचं हाय. म्हातारा भाकर खाऊन निजला आन् उटला न्हाय. त्याला कुनी मारला न्हाय. मडकं कुनी फोडलं न्हाय, म्याच सोडलं. पोरगा नव्हता म्हून म्या धरलं, आन् तुमच्यातल्या निम्म्यांनी तवा तोंडं फिरवली व्हती. आता तोंड हिकडं करा.” मागे कुणीतरी हसलं. मशानात दिसलेला तो पुतण्या चपलांच्या दुकानाआड झाला. “पानी आमाला मिळत न्हाय ह्ये खरं हाय,” सारजा म्हणाली, “त्येच्यासाठी भांडायचं तर म्या म्होरं हाय. पर माझ्या बापाला मधी घालू नगा. आन् ऐकायचंय तर आजून ऐका. त्या मडक्यात पानी कुठलं व्हतं? आमची हीर तवा कोरडी. वरच्या गावच्या हिंदुरावतात्यांनी सायकलीला कळशी बांधून आनलं, आपल्या हातानं मडकं भरलं, आन् हितं त्यांच्यावर धोंडं पडत्यात म्हून माघारी ग्येले. वरच्यांच्या पान्यावर माझा बाप ग्येलाय.”

हे मला माहीत नव्हतं. माझा सलग शॉट, ज्याच्यासाठी मी नागेशशी भांडले, ज्यातली एक चौकटही मी तोडू दिली नाही, तो मडकं खांद्यावर घेतल्यापासून सुरू होतो. मडकं भरताना माझा कॅमेरा बंद होता आणि माझा दुसरा डोळाही दुसरीकडेच होता. सगळं काढलं म्हणून मी मिरवत होते आणि खरी गोष्ट माझ्या चौकटीत यायच्या आधीच सायकलीवर बसून निघून गेली होती. मला लाज वाटायला हवी होती. ती वाटली नाही. उलट छातीत काहीतरी मोकळं झालं, कारण माझं चित्र अपुरं होतं पण खोटं नव्हतं, आणि जे त्यात नव्हतं ते सांगायला त्यातली बाई जिवंत होती, समोर उभी होती, कुणाच्या आवाजाची तिला गरज नव्हती.

तेवढ्यात पांढऱ्या सफारीतला मंचाचा माणूस गर्दी सारत आला. सारजाला काही बोलायची त्याची हिंमत झाली नाही, तो माझ्याकडे वळला. “तुमी कोन ओ? मशीनला हात कुनी लावू दिला? ही बाहेरची पिच्चरवाली, हिनंच शिकवून आनलीया बाईला.” मी म्हटलं, चित्र माझं आहे. “नाव काय?” अंजली. “अंजली काय? कुनाची तू? आडनाव सांग की.” बाजारातली सगळी तोंडं आता माझ्याकडे. हा प्रश्न इथं कशासाठी विचारतात ते जन्मल्यापासून मला ठाऊक आहे. आडनाव सांगितलं की वस्ती कळते, विहीर कळते, कुणी कुणाकडे चहा प्यायचा ते कळतं. पिक्चरच्या शेवटी नावं येतात तिथं माझं नाव नुसतं ‘अंजली’ येतं, ते नागेशनं ठरवलं होतं. आडनाव दिलं की लोक चित्र बघत नाहीत, आडनाव बघतात, असं तो म्हणायचा, आणि मला पांढऱ्या अक्षरांत ते एकटं नाव सुंदर दिसायचं. त्या माणसाच्या डोळ्यांत मला दिसलं की उत्तर त्याला आधीच माहीत आहे, त्याला फक्त ते माझ्या तोंडून खाली पाडायचं आहे. मग नानांचा आवाज माझ्याच घशातून यावा तसा आला, पुण्याची भाषा कुठल्या कुठे गेली. “अंजली संभाजी सरवदे. वरकुट्याची. बौद्ध वस्तीतली. चित्तर म्या काढलंय, आन् त्ये ह्या बाईचं हाय. तुमचं न्हाय.” सफारीवाला हसायचा प्रयत्न करत होता. सारजानं माझा दंड धरला, जिथं त्या बाभळीचे काटे गेले होते तिथंच, आणि घट्ट दाबला.

“पाटीमागं ऐकू ग्येलं न्हाय,” ती म्हणाली, “मोठ्यांदा सांग की.”

मी टेम्पोच्या फळीवर चढले आणि पुन्हा सांगितलं.